आमची भूल फाशीच्या कामाला लावू नका

प्रति,
मा. केंद्रीय विधी व न्यायमंत्री,
मा. केंद्रीय गृहमंत्री,
नवी दिल्ली

विषय : फाशीऐवजी प्राणघातक इंजेक्शन देण्याचा प्रस्ताव

महोदय,

मी भूलतज्ज्ञ आहे. भूलशास्त्रात एमडी केलं आणि सगळी नोकरी महाराष्ट्रातल्या सरकारी रुग्णालयांत केली. माणसाची शुद्ध घालवायची, ऑपरेशन चालू असताना त्याच्या उशाशी बसून श्वास सांभाळायचा आणि त्याला परत शुद्धीवर आणायचं, हे माझं काम. अमेरिकेत प्राणघातक इंजेक्शनसाठी जी तीन औषधं ठरवली गेली, ती किंवा त्यांची भावंडं आमच्या ट्रॉलीवर रोज असतात. म्हणून हा विषय मी वकिलांवर सोडून गप्प बसू शकत नाही.

फाशीची पद्धत घटनाबाह्य ठरवावी आणि इंजेक्शनसारखा ‘सन्मानाने मरण्याचा’ मार्ग आणावा, अशी याचिका २०१७ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. त्याही आधी, २००३ मध्ये, विधी आयोगाने आपल्या १८७व्या अहवालात इंजेक्शनचा पर्याय कायद्यात घालण्याची शिफारस केली होती. २०१८ मध्ये केंद्राने फाशीचं समर्थन केलं. मार्च २०२३ मध्ये न्यायालयाने अधिक माहिती मागितली, आणि मे महिन्यात समिती नेमण्याचा विचार चालू असल्याचं महान्यायवाद्यांनी सांगितलं. ऑक्टोबर २०२५ मधल्या सुनावणीत केंद्राचं म्हणणं होतं की कैद्याला पर्याय देणं व्यवहार्य नाही. त्यावर सरकार काळाप्रमाणे बदलायला तयार नाही, असं खंडपीठाने सुनावलं. त्याच सुनावणीत अमेरिकेच्या ५० पैकी ४९ राज्यांनी इंजेक्शन स्वीकारल्याचा युक्तिवाद झाल्याचं बातम्यांत आलं. प्रत्यक्षात अमेरिकेतल्या २३ राज्यांत देहदंडच नाही. मग तिथे इंजेक्शन कुठून येणार?

हा आकडा वाचूनच हे पत्र लिहायला घेतलं. देशाच्या सर्वोच्च न्यायालयात, जीवन-मरणाच्या प्रश्नावर, इंजेक्शन म्हणजे दयाळू मरण हे गृहीत धरलं जात आहे. ते कालसुसंगत आहे आणि फाशी जुनाट आहे, एवढ्यावर चर्चा थांबते. ज्या देशाचं उदाहरण दिलं जातं त्या देशात चाळीस वर्षांत काय घडलं, हे आपण न्यायालयासमोर आणि जनतेसमोर नीट मांडलेलं नाही. माझी तक्रार ही आहे.

ही पद्धत जन्माला कशी आली तिथून सुरुवात करते. १९७७ मध्ये ओक्लाहोमा राज्याने प्रथम तसा कायदा केला. तीन औषधांचा क्रम सुचवला तो राज्याचे वैद्यकीय परीक्षक जे चॅपमन यांनी. ते शवविच्छेदन करणारे डॉक्टर. आपण मेलेल्या देहांचे तज्ज्ञ आहोत, माणसाला त्या अवस्थेला नेण्याचे नाही, असं ते स्वतः म्हणत. कोणताही अभ्यास झाला नाही, चाचणी झाली नाही. एका राज्याने लिहिलं, बाकीच्यांनी उतरवून घेतलं. ७ डिसेंबर १९८२ रोजी टेक्सासमध्ये चार्ल्स ब्रूक्स या कैद्याला प्रथम असं मारलं गेलं. नवं वेदनाशामक बाजारात आणायचं तर किती टप्प्यांच्या चाचण्या लागतात, हे आपल्याच औषध नियंत्रकांना विचारा.

आता ती औषधं. पहिलं सोडियम थायोपेंटाल, आम्ही पेंटोथाल म्हणतो. शिकत असताना आम्ही जवळजवळ प्रत्येक रुग्णाला त्यानेच झोपवायचो. शिरेत गेलं तर अर्ध्या मिनिटात माणूस झोपतो. शिरेबाहेर मांसात गेलं तर भयंकर जळजळ होते आणि कातडी सडू शकते, कारण ते द्रावण अतिशय अल्कधर्मी असतं. शिवाय त्याचा अंमल लवकर उतरतो. दुसरं पॅनक्युरोनियम, स्नायू लुळे करणारं. याने वेदना कमी होत नाही आणि शुद्धही जात नाही. माणूस पूर्ण जागा असू शकतो, पण पापणीसुद्धा हलवू शकत नाही, श्वास घेऊ शकत नाही, ओरडू शकत नाही. ऑपरेशन चालू असताना रुग्ण आतून जागा राहणं ही आमच्या पेशातली सगळ्यात मोठी भीती आहे. ज्यांच्यावर ही वेळ आली ते रुग्ण पुढे कित्येक वर्षं झोपायला घाबरतात. तिसरं पोटॅशियम क्लोराइड, म्हणजे केसीएल. वॉर्डातली नवी सिस्टरसुद्धा जाणते की केसीएल कधी थेट शिरेत ढकलायचं नाही, सलाइनमध्ये पातळ करून थेंबाथेंबाने द्यायचं. पातळ केलेलं असतानाही रुग्ण हात आगीसारखा जळतोय म्हणतात. देहदंडाच्या वेळी तेच थेट आणि मोठ्या मात्रेत जातं, हृदय बंद पाडण्यासाठी.

म्हणजे सगळी भिस्त पहिल्या औषधावर. ते कमी पडलं, उतरलं किंवा शिरेबाहेर गेलं, तर माणूस आतून गुदमरतो, जळतो, आणि काचेपलीकडे बसलेल्या साक्षीदारांना तो शांत झोपलेला दिसतो. दुसऱ्या औषधाचं त्या खोलीत दुसरं कामच नाही. ते कैद्यासाठी नाही, बघणाऱ्यांसाठी आहे. जनावरांना दयामरण देताना स्नायू लुळे करणारं औषध वापरू नये, असे नियम अमेरिकेतल्या अनेक राज्यांत आहेत. २००८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात बेझ विरुद्ध रीस या खटल्यात न्यायमूर्ती स्टीव्हन्स यांनी हीच विसंगती दाखवली होती.

आणि शीर सापडायला हवी. बाहेरून हे अगदी साधं वाटतं. आमच्याकडे रात्री अपरात्री वॉर्डातून फोन येतो तो बहुतेक वेळा याचसाठी, की लाइन लागत नाही, या. वय झालेले, लठ्ठ, डायलिसिसवरचे, केमो घेतलेले, पूर्वी नशेची इंजेक्शनं टोचून घेतलेले, भीतीने हातपाय गार पडलेले रुग्ण. जो माणूस आज मरणार हे जाणतो त्याच्या शिरा आकसलेल्याच असणार. ओहायोत २००९ मध्ये रोमेल ब्रूम याला दोन तास टोचत राहिले, शीर मिळाली नाही, त्याला कोठडीत परत नेलं. अलाबामात २०१८ मध्ये डॉयल हॅम, २०२२ मध्ये ॲलन मिलर आणि केनेथ स्मिथ, आयडाहोत २०२४ मध्ये थॉमस क्रीच, सगळ्यांचं तेच झालं. टेबलावर बांधलं, टोचलं, सोडून दिलं.

ओक्लाहोमात २९ एप्रिल २०१४ ला क्लेटन लॉकेटबाबत जे घडलं ते तर प्रत्येक खासदाराने वाचावं. हात, पाय, मान, सगळीकडे शोधून शेवटी जांघेतल्या शिरेत सुई घातली आणि लाजेखातर वरून चादर ओढली. त्या चादरीखाली सुई सरकली होती. औषध मांसात जमत राहिलं, कुणाला दिसलं नाही. बेशुद्ध म्हणून जाहीर केल्यावर तो तडफडू लागला, बोलू लागला. पडदा ओढून घेतला गेला. सुरुवात झाल्यापासून ४३ मिनिटांनी तो मेला. आमच्याकडे विद्यार्थ्याला पहिल्याच आठवड्यात शिकवतात की सुईची जागा उघडी ठेवायची, डोळ्यांसमोर ठेवायची. त्याच वर्षी जुलैमध्ये ॲरिझोनात जोसेफ वुड याला १५ वेळा औषध द्यावं लागलं आणि मरायला जवळजवळ दोन तास लागले.

लॉकेटने काय केलं होतं तेही सांगते, कारण ते लपवून हे पत्र लिहिणं खोटेपणाचं होईल. त्याने १९ वर्षांच्या एका मुलीला गोळ्या घातल्या आणि जिवंत पुरायला लावलं. तिच्या आईवडिलांच्या दुःखापुढे मी काहीही बोलू शकत नाही. अत्याचार झालेल्या मुली, कोयत्याने तोडलेली माणसं माझ्या टेबलावर आली आहेत. त्यांतली काही परत शुद्धीवर आली नाहीत. गुन्हेगाराची कड घेण्यासाठी मी हे लिहीत नाही. राज्य स्वतःच्या हाताने काय करतं आणि त्याला काय नाव देतं, हा माझा प्रश्न आहे.

जिथे सगळं ‘सुरळीत’ पार पडलं तिथलं काय? एमरी विद्यापीठातले भूलतज्ज्ञ जोएल झिव्होट यांनी देहदंड झालेल्यांचे शवविच्छेदन अहवाल तपासायला घेतले, तेव्हा फुप्फुसं पाण्याने भरून जड झालेली आढळली. २०२० मध्ये एनपीआर या तिथल्या सार्वजनिक रेडिओने २००हून अधिक अहवाल पाहिले. ८४ टक्क्यांत फुप्फुसांत पाणी भरल्याच्या खुणा होत्या. एकच औषध वापरलं, तीन वापरली, तरीही. फुप्फुसांत असं पाणी भरलेला रुग्ण मी अनेकदा पाहिला आहे. तो उठून बसायला धडपडतो, डोळे विस्फारतो, बुडत असल्यासारखा हवा ओढतो. बाहेरून शांत दिसलेल्या त्या देहांच्या आत हे चाललं असण्याची दाट शक्यता आहे, आणि ही बाब आपल्या कोणत्याही शासकीय कागदात येऊ नये, हे मला मान्य नाही.

अमेरिकेची राज्यघटना ‘क्रूर आणि असामान्य’ शिक्षेला आठव्या दुरुस्तीने मनाई करते. मग एवढं सगळं न्यायालयासमोर गेल्यावर काय झालं? बेझ खटल्यात तीन औषधांची पद्धत ७ विरुद्ध २ मतांनी वैध ठरली. २०१५ मध्ये ग्लॉसिप विरुद्ध ग्रॉस खटला आला. पेंटोथाल मिळेनासं झाल्यामुळे राज्यं मिडॅझोलाम वापरू लागली होती. आम्ही ते ऑपरेशनपूर्वी रुग्णाची धास्ती कमी व्हावी म्हणून एक-दोन मिलिग्रॅम देतो. वेदना थांबवण्याचा गुण त्यात नाही आणि एका मर्यादेनंतर मात्रा कितीही वाढवली तरी गुंगी त्या प्रमाणात वाढत नाही. तरी ५ विरुद्ध ४ मतांनी तेही चाललं. न्यायमूर्ती सोटोमायोर यांनी विरोधी मतात लिहिलं की हे रासायनिक पद्धतीने जिवंत जाळण्यासारखं ठरू शकतं. त्याच निकालाने अट पक्की केली की पद्धत क्रूर आहे म्हणणाऱ्या कैद्याने, तिच्यापेक्षा कमी वेदनेची, उपलब्ध असलेली दुसरी पद्धत स्वतःच सुचवून सिद्ध करायची. २०१९ मध्ये बकल्यू खटल्यात दुर्मीळ आजाराने घशात रक्ताळ गाठी झालेल्या कैद्यालाही न्यायालयाने दिलासा दिला नाही. आठवी दुरुस्ती वेदनारहित मरणाची हमी देत नाही, असं बहुमताने म्हटलं. देहदंडाची एकही पद्धत अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने आजवर क्रूर म्हणून रद्द केलेली नाही.

त्या अटीचा शेवट कुठे झाला पाहा. टोचून टोचून जिवंत परत नेलेल्या केनेथ स्मिथने न्यायालयात पर्याय म्हणून नायट्रोजन वायूचं नाव घेतलं होतं. २५ जानेवारी २०२४ ला त्याला नायट्रोजनचा मुखवटा लावूनच मारलं, आणि तो कित्येक मिनिटं गदगदा हलत होता, असं साक्षीदारांनी सांगितलं. दक्षिण कॅरोलिनाने मार्च २०२५ मध्ये गोळ्या घालून देहदंड दिला. आयडाहोने गोळीबार हीच मुख्य पद्धत करण्याचा कायदा केला. सुईचं जन्मस्थान असलेला देश सुईपासून मागे फिरत आहे, आणि आपल्याकडे तिला प्रगती म्हटलं जातं.

इथे आपल्या कायद्याची एक गोष्ट आपण स्वतःच विसरू नये. १९८३ मध्ये दीना विरुद्ध भारत सरकार या खटल्यात सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या खंडपीठाने फाशीची पद्धत वैध ठरवली. तो निष्कर्ष मला पटत नाही. पण त्याच निकालात हेही आहे की जीव घेणारी प्रक्रिया न्याय्य, योग्य आणि वाजवी आहे हे सिद्ध करण्याचा भार सरकारवर आहे. अमेरिकेने तो भार फासावरच्या माणसाच्या खांद्यावर टाकला. आपल्या राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ने तो आपल्या खात्याच्या खांद्यावर ठेवला आहे. तेव्हा फाशी असो वा इंजेक्शन, ‘दुसरं काही व्यवहार्य नाही’ एवढ्या उत्तराने तो भार उतरत नाही. पुरावा द्यावा लागेल. (२०२३ मध्ये हाच प्रश्न ज्या खंडपीठासमोर होता त्याचे प्रमुख यशवंतरावांचेच चिरंजीव धनंजय चंद्रचूड होते, पिढी बदलली, प्रश्न तिथेच आहे.)

आता आमच्या पेशाबद्दल. सुई लावणार कोण? जागतिक वैद्यकीय संघटनेने १९८१ मध्येच ठराव केला की देहदंडात डॉक्टरने भाग घेणं अनैतिक आहे. अमेरिकेच्या भूलशास्त्र मंडळाने २०१० मध्ये जाहीर केलं की इंजेक्शनच्या देहदंडात सहभागी होणाऱ्याचं प्रमाणपत्र जाऊ शकतं. तज्ज्ञ मागे सरले की काम अर्धवट शिकलेल्यांच्या हातात जातं, आणि मग चादरीखालची सुई सरकते. तज्ज्ञ पुढे आले तर भूलशास्त्र मारण्याचं शास्त्र होतं. यातून मधला रस्ता निघत नाही. ब्रिटनने देहदंडावर नेमलेल्या रॉयल कमिशनने १९४९ ते १९५३ या काळात इंजेक्शनचा विचार केला होता आणि तिथल्या डॉक्टरांच्या विरोधासह सगळं तपासून तो सोडून दिला.

आपल्या कारागृहातल्या वैद्यकीय अधिकाऱ्याला आजही फाशीच्या वेळी हजर राहून मृत्यूचा दाखला द्यावा लागतो. तेवढंच किती जड जातं हे मी अशा एका सहकाऱ्याकडून ऐकलं आहे. उद्या त्याच मेडिकल ऑफिसरच्या हातात सिरिंज द्याल? बंदोबस्तातला, बदलीची टांगती तलवार असलेला तरुण डॉक्टर ‘नाही’ म्हणू शकेल, अशी व्यवस्था आपल्याकडे आहे का?

औषधांचाही प्रश्न आहे आणि तो थेट रुग्णांचा आहे. २०११ मध्ये अमेरिकेतल्या एकमेव उत्पादक कंपनीने पेंटोथाल बनवणं सोडून दिलं, कारण ते तिच्या इटलीतल्या कारखान्यात बनणार होतं आणि इटलीला आपल्या भूमीवरून मारण्याचं औषध जाऊ द्यायचं नव्हतं. रुग्णांचं औषध गेलं ते गेलंच. २०१३ मध्ये मिझुरी राज्याने देहदंडासाठी प्रोपोफॉल हे भुलीचं औषध वापरायचं ठरवलं, तेव्हा युरोपातून पुरवठा थांबण्याची भीती निर्माण झाली आणि तिथल्या गव्हर्नरांना तो देहदंड रोखावा लागला. प्रोपोफॉल नसेल तर माझं रुग्णालय एक दिवस चालू शकत नाही. आणि या व्यापारात आपणही आहोत. मुंबईतल्या एका औषध कंपनीकडून नेब्रास्काच्या तुरुंगाने पेंटोथाल घेतलं होतं. गवगवा झाल्यावर २०११ मध्ये त्या कंपनीने हिंदू संस्कारांचा हवाला देत अशा कामासाठी विक्री करणार नाही असं जाहीर केलं. त्यानंतरही २०१५ मध्ये टेक्सास आणि ॲरिझोनाने भारतातून मागवलेल्या कुप्या तिथल्या औषध प्रशासनाने विमानतळावर अडवल्या. त्या आपण अडवल्या नाहीत. युरोपीय संघाने मात्र २०११ पासून अशा औषधांच्या निर्यातीवर नियंत्रण ठेवलं आहे.

ओक्लाहोमाची आणखी एक गोष्ट. जानेवारी २०१५ मध्ये चार्ल्स वॉर्नरला पोटॅशियम क्लोराइडऐवजी पोटॅशियम ॲसिटेट दिलं गेलं, आणि ते उघडकीला आलं कित्येक महिन्यांनी. पुढच्या कैद्याच्या, रिचर्ड ग्लॉसिपच्या, वेळीही तेच चुकीचं औषध आलेलं सापडलं म्हणून त्याचा देहदंड ऐनवेळी थांबला. त्याच ग्लॉसिपची शिक्षा अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२५ मध्ये रद्द केली आणि नव्याने खटला चालवायला सांगितलं, कारण सरकारी पक्षाने महत्त्वाच्या साक्षीदाराची खोटी साक्ष दुरुस्त केली नव्हती. औषध वेळेवर आणि बरोबर आलं असतं तर दहा वर्षांपूर्वीच हा प्रश्न मिटला असता.

फाशी चांगली असं मी म्हणत नाही. दोर, उंची आणि वजनाचं गणित चुकलं की तीही गळा आवळून मारते. मी देहदंडाच्या विरोधात आहे आणि विधी आयोगाने २०१५ च्या २६२व्या अहवालात दहशतवादाचे आणि देशाविरुद्ध युद्ध पुकारण्याचे गुन्हे वगळता तो रद्द करण्याची केलेली शिफारस मला योग्य वाटते. पण जे देहदंडाच्या बाजूने आहेत त्यांनाही मी विनंती करते की, शिक्षा ठेवायची असेल तर तिला उपचाराचे कपडे चढवू नका.

म्हणून माझ्या मागण्या.

प्राणघातक इंजेक्शन भारतात आणण्याचा कोणताही प्रस्ताव, १८७व्या अहवालातली शिफारस धरून, सरकारने प्रतिज्ञापत्रावर फेटाळावा, आणि कारणं लिहावीत. ‘व्यवहार्य नाही’ हे कारण पुरेसं नाही.

देहदंडाच्या पद्धतीवर समिती काम करणार असेल तर तिचे सदस्य, कार्यकक्षा आणि अहवाल जाहीर करावेत. तिच्यात भूलतज्ज्ञ, न्यायवैद्यक तज्ज्ञ आणि कारागृहात प्रत्यक्ष काम केलेले डॉक्टर असावेत. अमेरिकेतले शवविच्छेदन अहवाल आणि न्यायालयीन साक्षी तिने मुळातून वाचाव्यात. फाशीबद्दलही हाच पुरावा मागावा.

राष्ट्रीय वैद्यक आयोगाने स्पष्ट नियम करावा की नोंदणीकृत डॉक्टर देहदंडासाठी शीर शोधणार नाही, औषध भरणार नाही, मात्रा सांगणार नाही, बेशुद्धी तपासणार नाही. नकार देणाऱ्या डॉक्टर, परिचारिका व तंत्रज्ञाला नोकरीत संरक्षण असावं.

भुलीची औषधं परदेशात देहदंडासाठी वापरली जाणार नाहीत, असं खरेदीदाराचं लेखी हमीपत्र असल्याशिवाय निर्यातीला परवानगी देऊ नये.

आणि २६२वा अहवाल संसदेत चर्चेला आणावा. दहा वर्षं तो वाट पाहतो आहे, आणि देशाच्या तुरुंगांत ५००हून अधिक माणसं फाशीच्या छायेत बसून आहेत.

समिती बसली तर तिच्यासमोर साक्ष द्यायला मी येईन. माझ्यासारखे आणखी भूलतज्ज्ञ येतील. आमच्याशी याबद्दल कुणी बोललेलंच नाही.

आपली,
एक भूलतज्ज्ञ
महाराष्ट्र